कामीय कोतॅं: 'कॉल माय एजंट'मधली आंद्रेआ आणि तिच्या आधीनंतरचं बरंच काही

निळी_शाई

वेबसिरीजच्या धाग्यावर 'कॉल माय एजंट'चा विषय निघाला तेव्हा जवळजवळ प्रत्येकाने आंद्रेआचं, म्हणजे पॅरिसमधल्या नटनट्यांच्या एजन्सीत काम करणाऱ्या त्या एजंटचं, कौतुक केलं, पण ती भूमिका करणाऱ्या बाईचं नाव काही कुणी घेतलं नाही. म्हणून हा वेगळा धागा. तिचं नाव कामीय कोतॅं. गेली काही वर्षं मिळेल ते तिचं काम शोधून बघतेय, सबटायटल्स मिळाली तर ठीक, नाहीतर नुसतं फ्रेंच ऐकत.

जन्म १९७८ चा, पॅरिसला लागूनच असलेल्या बुलोन्य-बियांकूरचा. शाळेतली काही वर्षं लंडनमध्ये गेली त्यामुळे इंग्रजी पक्कं. अभिनयावर घर चालायला लागायच्या आधी ती इंग्रजी शिकवायची. नाटकं चालू होती, टीव्हीवर आणि सिनेमात किरकोळ कामं चालू होती, आणि नाव म्हणावं असं काही होईपर्यंत चौतिशी उजाडली. फ्रान्समध्ये काय किंवा आपल्याकडे काय, या वयात बहुतेक नट्यांना 'आता वहिनीचे रोल घ्या' म्हणून सांगायला सुरुवात होते, आणि हिचं तर करिअरच तिथून सुरू झालं. हे मला फार महत्त्वाचं वाटतं.

२०१३ मध्ये कनाल प्लुस या चॅनेलवर 'कोनास' (फ्रेंचमध्ये बाईला द्यायची एक शिवी) नावाची छोटी छोटी स्किट्स सुरू झाली. छुपा कॅमेरा, साधारण दोनेक मिनिटांचा तुकडा, आणि त्यात ही पॅरिसची एक अत्यंत उद्धट, स्वतःवरच खूश असलेली बाई. समोरचे दुकानदार, वेटर, रस्त्यावरची माणसं सगळी खरी, त्यांना काहीही माहीत नाही. आता हे नुसतं प्रँक म्हणून बघितलं तर पाच तुकड्यांत कंटाळा येईल, पण तिच्या चेहऱ्याकडे बघा. समोरचा माणूस चिडला, गोंधळला, हसला, काहीही केलं तरी ती त्या बाईतून तसूभरही बाहेर येत नाही, आणि वर समोरच्याने जे केलंय त्यालाच धरून पुढचं वाक्य टाकते. बिघडलं तर पुन्हा घेऊ ही सोय नाही, समोरच्याचा संवाद पाठ नाही. मला वाटतं तिचा सगळा रियाज इथे झाला. पुढे आंद्रेआ समोरच्याचं वाक्य संपायच्या आत उत्तर फेकते ना, ते इथून आलंय.

२०१५ मध्ये त्याच बाईवर सिनेमा आला, एलोईझ लांग आणि नोएमी साग्लिओ या दोघींनी केलेला, तोही अख्खा छुप्या कॅमेऱ्याने. बाईसाहेबांना वाटतं आपली लायकी राजकन्या व्हायची आहे, म्हणून प्रिन्स हॅरीशी लग्न करायला त्या लंडनला जातात आणि केन्सिंग्टन पॅलेसच्या गेटवर चढतात. या सिनेमासाठी तिला सेझार या फ्रेंच सिनेमाच्या पुरस्कारांत नवोदित अभिनेत्रीचं नामांकन मिळालं, २०१६ मध्ये, म्हणजे वयाच्या ३७ व्या वर्षी!

आणि त्याच २०१५ च्या ऑक्टोबरमध्ये फ्रान्स २ या सरकारी चॅनेलवर 'दी पूर साँ' सुरू झाली, जी आपण 'कॉल माय एजंट' म्हणून बघितली. मूळ नाव म्हणजे दहा टक्के, एजंटचं कमिशन. कल्पना दोमिनिक बेनेआरची, जो स्वतः आर्टमीडिया या मोठ्या एजन्सीत वर्षानुवर्षं एजंट होता, त्यामुळे आतल्या गोष्टी ऐकीव नाहीत. लिखाणाची सूत्रं फानी एरेरोकडे होती, आणि पहिले भाग सेद्रिक क्लापिशने दिग्दर्शित केलेत.

आंद्रेआ मार्तेल पहिल्या भागात आपल्या असिस्टंटला काढून टाकते. तिथेच प्रेक्षक हिला नावं ठेवणार हे लिहिणाऱ्यांना माहीत आहे आणि कोतॅंलाही माहीत आहे, पण ती आपली मर्जी राखायचा जराही प्रयत्न करत नाही. 'मी वरून कठोर आहे पण आतून बघा किती हळवी' असं डोळ्यांनी सांगत बसत नाही. फोनवर खोटं बोलते, फोन ठेवते आणि पुढच्या खोट्याकडे चालायला लागते, बूट आपटत. आणि मग एजन्सीचा टॅक्स ऑडिट करायला आलेल्या कोलेतमध्ये तिचा जीव अडकतो. ज्या बाईच्या हातात एजन्सीचे हिशेब आहेत तिच्यावर प्रेम! कोलेतने ते खरं मानायचं तरी कसं? तिथे आंद्रेआला पहिल्यांदा शब्द सुचत नाहीत. आयुष्यभर ज्या बोलण्याच्या जोरावर कमावलं ते बोलणंच उपयोगाचं नाही हे तिला कळतं, आणि कोतॅं ते कसं दाखवते तर अर्धं वाक्य बोलून थांबते, दुसरं सुरू करते, तेही सोडते. संगीत नाही, रडारड नाही.

अजून एक. सरकारी चॅनेलवर, प्राइम टाइमला, नायिका लेस्बियन आहे आणि चार सीझनमध्ये ती गोष्ट 'समस्या' म्हणून कधीच येत नाही. तिच्या समस्या वेगळ्याच, म्हणजे काम, काम आणि काम, मग मूल, आणि मूल झाल्यावर परत काम.

तुम्ही तिचं अजून काय काय बघितलंय ते लिहा. मला विशेष करून तिच्या सिनेमांबद्दल बोलायचंय.

---

रानवारा

मस्त धागा. मी तिला आधी 'स्टिलवॉटर'मध्ये बघितलं (२०२१, मॅट डेमन), सिरीज नंतर बघितली, त्यामुळे माझ्यासाठी ती आंद्रेआ नव्हतीच कधी, व्हर्जिनी होती.

ज्यांनी बघितला नाही त्यांच्यासाठी, ओक्लाहोमातला एक तेलविहिरींवर काम करणारा बाप, त्याची मुलगी खुनाच्या आरोपात मार्सेयच्या तुरुंगात, आणि हा भाषा येत नसताना तिला सोडवायला धडपडतोय. व्हर्जिनी ही नाटकात काम करणारी, एका लहान मुलीची एकटी आई, जी त्याला भाषेची मदत करते. आता अमेरिकन सिनेमात असा रोल म्हणजे हिरोला मदत करणारी गोड फ्रेंच बाई एवढाच असतो, पण ती मदत करताना सतत त्याला जोखत असते, तुम्ही बघा, त्याच्यासाठी भाषांतर करत असताना समोरचा माणूस काहीतरी वर्णद्वेषी बोलतो तेव्हा ती उठून चालायला लागते आणि त्याला कळतच नाही की झालं काय, माहिती तर मिळत होती! दोन माणसांच्या जगात किती अंतर आहे ते त्या एका उठण्यात येतं. शेवटाकडे ती त्याला घर सोडायला सांगते तो प्रसंग तर मी परत परत बघितलाय.

---

चाळकरी

आंद्रेआचा विषय निघालाय तर आपल्या मुंबईच्या आवृत्तीबद्दल कुणी बोलणार की नाही? 'कॉल माय एजंट: बॉलिवूड', २०२१, शाद अलीने केलेली. रजत कपूर, सोनी राजदान, आयुष मेहरा, आणि आंद्रेआच्या जागी आहाना कुमरा. मी अगदी उत्साहाने लावली, कारण जागा आपली, लोक आपले, फिल्मी दुनिया आपल्या डोळ्यांसमोरची. जमलं नाही.

आहानाचा दोष नाही, ती बाई चांगली नटी आहे. माझ्या मते अडचण अशी की फ्रेंच सिरीजमध्ये पाहुणे म्हणून आलेले स्टार स्वतःच्या अब्रूला हात घालू देतात. सेसील द फ्रान्सला टॅरँटिनोच्या पिक्चरमधून वयामुळे काढलंय हे पहिल्याच भागात. इझाबेल उपेर करार मोडून एका वेळी दोन शूटिंगं करतेय. एवढ्या मोठ्या बायका हे करायला तयार होतात म्हणून एजंटच्या जीवाची घालमेल खरी वाटते. आपल्याकडे पाहुणे आले, गोड बोलले आणि गेले. मग एजंटला करायला काय उरतं? आंद्रेआचा राग कशावर टिकणार?

दुसरं, आपल्याकडे हा धंदाच वेगळ्या वाटेने आला. हिंदी सिनेमात वर्षानुवर्षं 'सेक्रेटरी' असायचे, हिरोबरोबर सेटवर बसणारे, तारखा सांभाळणारे, निर्मात्याशी भांडणारे. एजन्सी वगैरे अलीकडची गोष्ट. त्या सेक्रेटरी लोकांवर कुणी सिरीज केली असती तर ती मुंबईची झाली असती.

---

निळी_शाई

चाळकरी, सेक्रेटरीवाल्या मुद्द्याला शंभर टक्के अनुमोदन. आणि रिमेकचं म्हणाल तर तुर्कस्तानात झाला, कोरियात झाला, इंग्लंडमध्ये 'टेन पर्सेंट' झाला. इंग्लंडचा मी बघितलाय, नीटनेटका आहे, पण आंद्रेआची ती भूक तिथेही नाही.

त्याच २०२१ च्या इंटरनॅशनल एमीमध्ये विनोदी मालिकेचा पुरस्कार 'कॉल माय एजंट'ला मिळाला आणि त्याच गटात आपल्या वीर दासचा 'फॉर इंडिया'पण होता. सिरीज तोपर्यंत संपून वर्ष झालं होतं, जगाला मात्र ती लॉकडाऊनमध्ये सापडली.

---

लियॉंकर

मी फ्रान्समध्ये राहतो म्हणून थोडी भर घालतो. बाहेरच्या लोकांना ती आंद्रेआ म्हणून माहीत आहे, पण माझ्या ओळखीतले बरेच फ्रेंच लोक तिचं नाव निघालं की आधी 'कोनास'च म्हणतात आणि हसायला लागतात. अशा एका पात्राने माणूस कायमचा अडकू शकतो, विनोदी नट्यांचं तर हमखास होतं. ती त्यातून सुटली याचं मला जास्त कौतुक आहे, आणि सुटली ते काही 'आता मी गंभीर भूमिका करणार' असं जाहीर करून नाही, एकीकडे सरळ कॉमेडी चालूच ठेवल्या. 'तेल मेर तेल फीय'मध्ये ज्युलिएत बिनोश तिची आई आहे आणि दोघी एकाच वेळी गरोदर, म्हणजे कल्पना करा! आणि दुसरीकडे क्रिस्तोफ ओनोरेसारख्या दिग्दर्शकाकडे 'शांब्र २१२' केला, ज्यात ती नवऱ्याच्या तरुणपणातली पियानो शिकवणारी प्रेयसी होऊन अचानक हॉटेलच्या खोलीत येऊन उभी राहते.

इथे टीव्ही म्हणजे खालचं आणि सिनेमा म्हणजे वरचं हा भेदभाव बराच होता. 'दी पूर साँ'ने तो मोडायला मदत केली कारण सिनेमातले मोठे लोक टीव्हीवर आले आणि टीव्हीतले लोक सिनेमात गेले. लोर कालामी, म्हणजे सिरीजमधली असिस्टंट नोएमी, तिला २०२१ मध्ये मुख्य अभिनेत्रीचा सेझार मिळाला.

---

टिपूर

सगळे कौतुक करताय म्हणून थोडं विरोधात. 'मूश' बघितलंय का कुणी? 'फ्लीबॅग' या ब्रिटिश सिरीजची फ्रेंच आवृत्ती, २०१९, कनाल प्लुसवरच. मला ते काम बिलकुल आवडलं नाही. मूळ सिरीज जशीच्या तशी उचललीये, कॅमेऱ्याकडे बघून बोलणंही तेच. फीबी वॉलर-ब्रिजने ते स्वतःच्या अंगातून लिहिलं होतं, हिने ते अंगावर चढवलंय. आणि मला असंही वाटतं की उद्धट-पण-दुखावलेली बाई हा तिचा ठरलेला खाऊ झालाय. कोनास, आंद्रेआ, मूश, 'किलिंग ईव्ह'मधली एलेन, एकाच घराण्यातल्या बायका.

---

अबोली_दुपार

टिपूर, मूशबद्दल मान्य, पण घराण्याबद्दल नाही. मूश करताना ती चाळिशीची होती आणि मूळ पात्र तिशीच्या आसपासचं आहे. त्यामुळे तोच प्रसंग हिच्याकडे आला की त्याचं वजन बदलतं. तिशीत दुकान नीट चालत नाही, घरच्यांशी पटत नाही, वाट्टेल त्याच्याबरोबर झोपतेय तर 'सावरेल' असं वाटतं, चाळिशीत तसं वाटत नाही. लिखाणाने ते वय ध्यानात घेतलं असतं तर फार वेगळी गोष्ट झाली असती. ते घेतलं नाही, हा दोष लेखनाचा.

आणि ठरलेला खाऊ म्हणताय तर 'लेझेब्लुई' बघा. २०१९, सारा स्युकोचा पहिला सिनेमा, तिच्या स्वतःच्या लहानपणावर बेतलेला. एक कॅथलिक कुटुंब आँगुलेममध्ये राहायला येतं आणि तिथल्या एका धार्मिक समुदायात हळूहळू ओढलं जातं. गोष्ट मोठ्या मुलीच्या नजरेतून आहे, बारा-तेरा वर्षांची, सर्कस शिकणारी पोर. कोतॅं तिची आई. ही आई उद्धट नाही, धीट नाही, तिला आत कुठेतरी सतत भीती आहे, आणि समुदायात गेल्यावर तिला पहिल्यांदा बरं वाटायला लागतं. तिचा चेहरा खुलतो! मुलीचं आयुष्य आवळत जातंय आणि आई दिवसेंदिवस आनंदी दिसतेय, हे एकाच वेळी बघवत नाही. ती आईला खलनायिका करत नाही. श्रद्धेचा आधार मिळाल्यावर माणूस मुलांकडे बघायचा थांबतो हे आपल्याकडेही बुवा-महाराजांच्या नादी लागलेल्या घरांतून बघितलेलं आहे, त्यामुळे मला ते परकं वाटलंच नाही. माझ्या मावशीच्या घरी असंच होतं, बाहेरून सगळं छान आणि आत मुलं गप्प.

---

टिपूर

अबोली ताई, हा बघितला नाहीये. बघतो. पण हॉलिवूडच्या कामांबद्दल माझं मत ठाम आहे.

---

निळी_शाई

हॉलिवूडबद्दल मी तुमच्याच बाजूने. 'हाउस ऑफ गुची'मध्ये पाओला फ्रांकी, म्हणजे मॉरित्सिओ गुचीची नंतरची जोडीदार, दिसायला सुंदर आणि करायला काही नाही. 'अ हाँटिंग इन व्हेनिस'मध्ये घर सांभाळणारी बाई. 'गोल्डा'मध्ये हेलन मिरेनच्या गोल्डा मेयरची सेक्रेटरी लू कद्दार, तिथे निदान दोघींमधला जिव्हाळा आहे. इंग्रजी उत्तम येतं म्हणून बोलावतात आणि मग एका कोपऱ्यात उभी करतात, असं झालंय. 'स्टिलवॉटर'चा दिग्दर्शक टॉम मॅकार्थी तेवढा अपवाद, कारण स्टिलवॉटर लिहिताना त्याने फ्रेंच लेखक बरोबर घेतले होते आणि व्हर्जिनीला स्वतःचं घर, मुलगी, नाटकाच्या तालमी, मतं असं सगळं दिलं. 'किलिंग ईव्ह'मधली एलेन मात्र मला आवडते, टिपूर. तिचा क्रूरपणा थंड आहे, आंद्रेआचा गरम होता. दोघी एका घराण्यातल्या नाहीत.

---

सांजवेळ_रत्नागिरी

कुणीच कसं लिहिलं नाही अजून, २०२४ च्या कान फेस्टिव्हलला उद्घाटनाची आणि समारोपाची सूत्रसंचालक हीच होती! उद्घाटनाच्या भाषणात तिने स्पष्ट सांगितलं की बड्या पुरुषांच्या हॉटेलच्या खोल्यांत रात्री होणाऱ्या 'कामाच्या' भेटी आता इथल्या रीतीत बसत नाहीत. समोर सगळी इंडस्ट्री बसलेली. त्या वर्षी फ्रान्समध्ये मी-टूची चर्चा जोरात होती आणि हे त्याच मंचावरून बोलणं सोपं नाही.

आणि समारोपाच्या रात्री पायल कपाडियाच्या 'ऑल वी इमॅजिन अॅज लाइट'ला ग्राँ प्री, म्हणजे कानचा दुसऱ्या क्रमांकाचा पुरस्कार, मिळाला. तीस वर्षांनी भारतीय सिनेमा मुख्य स्पर्धेत होता. पायलने तिच्या तिन्ही नट्यांना स्टेजवर बोलावलं, कनी कुसृती, दिव्य प्रभा आणि आपली छाया कदम! छायाताईंनी त्यात जी पार्वती केलीये ती मुंबईत हॉस्पिटलमध्ये स्वयंपाकाचं काम करणारी, घर बिल्डरच्या घशात जातंय कारण कागद नाहीत, आणि शेवटी ती रत्नागिरीकडे गावी परतते. आमच्या भागातली बाई. त्या रात्री कार्यक्रम कोतॅं चालवत होती, आणि छायाताईंचं करिअर तरी वेगळं काय सांगतं, वर्षानुवर्षं 'फँड्री', 'सैराट', 'न्यूड' करत राहिल्या आणि देशभर नाव झालं ते 'लापता लेडीज'नंतर. निळी_शाई, तुम्ही वर वयाचं लिहिलंय ना, म्हणून हे आठवलं.

---

निळी_शाई

सांजवेळ, हे लिहिल्याबद्दल खरंच आभार. यात अजून एक गंमत आहे. 'कॉल माय एजंट'च्या दुसऱ्या सीझनचा शेवटचा भाग कानमध्ये घडतो. त्यात ज्युलिएत बिनोश उद्घाटनाची सूत्रसंचालक आहे आणि तिच्या त्या भल्यामोठ्या पिसांच्या गाऊनवरून सगळ्या एजंटांची पळापळ चालते. नंतर खरोखरच्या कानमध्ये, २०२४ ला, सूत्रसंचालक झाली ती आंद्रेआ, आणि त्याच उद्घाटनाला मेरिल स्ट्रीपला मानाचा पाम द'ऑर पुरस्कार द्यायला स्टेजवर आली ती बिनोश.

---

रानवारा

हे मला माहीतच नव्हतं! आज तो भाग परत लावणार.

---

लियॉंकर

अलीकडच्या कामांपैकी दोन सुचवतो. एक 'तोनी आँ फामीय', २०२३. दिग्दर्शक नातां आंब्रोझिओनी, तेव्हा विशी नुकती ओलांडलेला पोरगा. तोनी त्रेचाळीस वर्षांची, पाच मुलांची एकटी आई, विशीत तिचं एक गाणं गाजलं होतं आणि अजूनही ती बारमध्ये तेच गाते. मोठी दोन मुलं शिकायला घराबाहेर पडणार, तेव्हा ती विचार करायला लागते की आता आपण काय करायचं. एवढंच. गाडी चालवणं, मुलांना सोडणं, आणणं, जेवणाच्या टेबलावर पाच जणांची एकदम बडबड, आणि त्या गोंगाटात तिचं लक्ष मधूनच दुसरीकडे जातं. सरकारी ऑफिसात जाऊन ती विचारते की मला शिकायचंय, आणि समोरची व्यक्ती तिच्याकडे ज्या नजरेने बघते! तिथे आंद्रेआ असती तर टेबल उलटवलं असतं. तोनी खुर्चीत नीट सावरून बसते आणि परत विचारते.

दुसरा एमान्युएल मूरेचा 'त्रुआ झामी', २०२४, व्हेनिसच्या स्पर्धेत होता. आमच्याच लियॉंमध्ये घडतो. तीन मैत्रिणी, त्यातली कोतॅंची आलीस म्हणते की माझं नवऱ्यावर वेड्यासारखं प्रेम वगैरे नाही आणि मी त्यात सुखी आहे. इकडे तिच्या जिवलग मैत्रिणीचंच त्याच्याशी चाललंय हे आपल्याला माहीत, तिला नाही.

---

टिपूर

काल रात्री 'लेझेब्लुई' बघितला. अबोली ताई, आई ज्या प्रसंगात मुलीला सर्कस सोडायला लावते तिथे मी थांबवून पाणी प्यायला उठलो. ती आवाज चढवत नाही. मूशबद्दलचं मत तेच आहे, पण हे काम फार मोठं आहे. लियॉंकर, तोनीला इंग्रजी सबटायटल्स कुठे मिळाली ते सांगा.

---

अबोली_दुपार

टिपूर, बघितलात हे बरं केलंत. बापाकडेही लक्ष गेलं का? एरिक कारावाका. त्याला सगळं दिसत असतं आणि तो बायको बरी राहावी म्हणून गप्प बसतो. मला त्याचा जास्त राग आला. यावर तुम्ही लिहा, मी संध्याकाळी सविस्तर उत्तर देते.